योरिस इव्हेन्स : पावसापासून वाऱ्यापर्यंत

२१ नोव्हेंबर १९४५ रोजी ऑस्ट्रेलियातील सिडनी शहरात एका डच अधिकाऱ्याने पत्रकारांना बोलावून आपल्या पदाचा राजीनामा जाहीर केला. नेदरलँड्सच्या पूर्वेकडील वसाहतीचा, म्हणजेच आजच्या इंडोनेशियाचा, चित्रपट आयुक्त हे त्याचे पद होते. जपानी फौजांच्या तावडीतून ही बेटे सुटतील, तेव्हा तेथील नव्या पर्वाचे चित्रण करावे, या हेतूने त्याची नेमणूक झाली होती. मात्र १७ ऑगस्ट १९४५ रोजी इंडोनेशियाच्या नेत्यांनी परस्पर स्वातंत्र्याची घोषणा केली आणि डच सरकार ते स्वातंत्र्य मोडून काढण्याच्या तयारीला लागले. ज्या सरकारचे वेतन घ्यायचे, त्याच सरकारच्या वसाहतवादी मोहिमेसाठी कॅमेरा चालवायचा का, असा प्रश्न उभा राहिला. योरिस इव्हेन्स यांनी त्याचे उत्तर नकारार्थी दिले आणि त्या नकाराची किंमत पुढे अनेक वर्षे मोजली.

माहितीपटाच्या इतिहासात इव्हेन्स यांचे स्थान वादातीत आहे. त्यांचे आयुष्य मात्र वादांनी भरलेले होते. साठ वर्षांच्या कारकिर्दीत त्यांनी पन्नासहून अधिक चित्रपट केले. नेदरलँड्स, सोव्हिएत संघ, बेल्जियम, स्पेन, चीन, अमेरिका, ऑस्ट्रेलिया, पोलंड, फ्रान्स, इटली, माली, क्यूबा, चिली, व्हिएतनाम, लाओस अशी त्यांच्या कॅमेऱ्याची वाटचाल राहिली. समुद्रावर अखंड भटकणाऱ्या जहाजाच्या जुन्या दंतकथेवरून त्यांना 'उडता डच' असे नाव पडले, ते उगाच नव्हे. कोणत्याही बड्या स्टुडिओची चाकरी त्यांनी पत्करली नाही. त्या अर्थाने ते स्वतंत्र चित्रपटकर्मी होते. परंतु माहितीपटाला पैसा लागतो आणि पैसा देणाऱ्याचा काही ना काही हेतू असतो. कधी कारखानदार, कधी कामगार संघटना, कधी राष्ट्राध्यक्ष, तर कधी साम्यवादी पक्ष, असे अनेक आश्रयदाते त्यांना लाभले. यांपैकी कोणासमोर हा माणूस ताठ उभा राहिला आणि कोणासमोर त्याची नजर खाली गेली, हाच त्याच्या चरित्रातील कळीचा प्रश्न आहे.

कॅमेऱ्याच्या दुकानातून

योरिस यांचा जन्म १८ नोव्हेंबर १८९८ रोजी जर्मनीच्या सीमेजवळील नायमेखन या डच शहरात एका सधन कॅथलिक कुटुंबात झाला. आजोबा छायाचित्रकार होते, तर वडिलांनी छायाचित्रणाच्या साहित्याचा 'कापी' या नावाचा भरभराटीचा व्यवसाय उभारला होता. त्यामुळे इतर मुलांच्या हाती खेळणी असतात, त्या वयात या मुलाच्या आसपास कॅमेरे होते. १९१२ साली, वयाच्या तेराव्या वर्षी, घरातील साऱ्यांना कामाला लावून त्याने एक छोटासा मूकपट केला. अमेरिकेतील मूलनिवासी आणि गोरे शेतकरी यांची ती पोरवयाला साजेशी गोष्ट होती. आई, वडील आणि भावंडे हेच त्यातील नट!

मुलाने पुढे व्यवसाय सांभाळावा ही वडिलांची इच्छा होती. त्यासाठी योरिस रॉटरडॅममध्ये अर्थशास्त्र शिकले आणि मग छायाचित्रणाचे रसायनशास्त्र शिकण्यासाठी बर्लिनला गेले. पहिल्या महायुद्धातील पराभवानंतरचे, महागाईने पिचलेले आणि कामगारांच्या असंतोषाने धुमसणारे जर्मनी त्यांनी या काळात जवळून पाहिले. ड्रेस्डेनच्या कॅमेरा कारखान्यांत त्यांनी कामही केले. तेथे परिचयाचा झालेला 'किनामो' हा हातात मावणारा छोटा चलत्‌चित्र कॅमेरा पुढे त्यांचा खरा सोबती ठरला. तिपाईवर रोवलेल्या जड यंत्रापासून सुटका झालेला चित्रपटकर्मी गर्दीत शिरू शकतो, शिडी चढू शकतो आणि माणसाच्या नजरेने हालचाल टिपू शकतो, हे त्यांना उमगले होते.

वडिलांच्या दुकानाची ॲमस्टरडॅम शाखा सांभाळायला ते परतले, तेव्हा शहरातील लेखक आणि कलावंत चित्रपटाकडे गंभीरपणे पाहू लागले होते. रशियन दिग्दर्शक पुदोव्हकिन यांच्या 'मदर' या चित्रपटाच्या प्रदर्शनावरून १९२७ मध्ये वाद झाला आणि त्यातूनच 'फिल्मलीगा' ही चित्रपट मंडळी स्थापन झाली. आपल्याकडील फिल्म सोसायटी चळवळीला परिचित असणारी हीच धडपड होती. व्यावसायिक चित्रपटगृहे दाखवत नाहीत ते चांगले चित्रपट सभासदांसाठी मिळवायचे, दाखवायचे आणि त्यांवर चर्चा करायची. या मंडळींच्या तांत्रिक बाजूची जबाबदारी इव्हेन्स यांच्याकडे होती. दुसऱ्यांचे चित्रपट दाखवता दाखवता ते स्वतः चित्रपट करू लागले.

पूल आणि पाऊस

१९२८ साली आलेला 'दे ब्रुख' म्हणजे 'पूल' हा त्यांचा पहिला महत्त्वाचा चित्रपट. रॉटरडॅममध्ये आदल्याच वर्षी एक रेल्वेपूल उभा राहिला होता. जहाज आले की या पुलाचा मधला भाग उभाच्या उभा वर उचलला जातो आणि जहाज गेले की पुन्हा खाली येतो. गाडी थांबते, पूल वर जातो, जहाज निघून जाते, पूल खाली येतो, गाडी सुटते. एवढेच कथानक! मात्र चाके, तारा, वजने आणि तुळया यांच्या हालचालींतून इव्हेन्स यांनी जी लय साधली, तिने युरोपातील जाणकारांचे लक्ष वेधून घेतले.

पाठोपाठ १९२९ मध्ये मानुस फ्रान्कन यांच्या साथीने केलेला 'रेखन' म्हणजे 'पाऊस' हा अवघ्या बारा मिनिटांच्या आसपासचा लघुपट आला. ॲमस्टरडॅमवर ढग दाटून येतात, कालव्याच्या पाण्यावर पहिले थेंब पडतात, छत्र्या उघडतात, ट्रामच्या काचांवरून ओघळ वाहतात आणि अखेर सर निघून जाते, असे त्याचे स्वरूप आहे. पाहणाऱ्याला ही एकाच सरीची गोष्ट वाटते. प्रत्यक्षात हे चित्रण अनेक महिने चालले होते. पाऊस सुरू होताच बाहेर पडता यावे म्हणून कॅमेरा, रेनकोट आणि बूट उशाशी ठेवून इव्हेन्स झोपत. शहराच्या अन्य भागांत सर आली, तर मित्रांनी दूरध्वनी करून कळवावे, अशी व्यवस्था होती. पावसाळा अंगवळणी पडलेल्या मुंबईकरालाही हा लघुपट पाहिल्यावर आपल्या रस्त्यांकडे पुन्हा एकदा पाहावेसे वाटेल. संगीतकार हान्स आइस्लर यांनी १९४१ मध्ये या लघुपटासाठी पावसाची चौदा प्रकारे वर्णने करणारी रचना केली. आइस्लर यांच्या नामांकित रचनांत तिची गणना होते.

येथेच थांबले असते, तर इव्हेन्स हे दृश्यकवी म्हणून सुखाने जगले असते. कारखानदारही त्यांच्याकडे येऊ लागले होते. १९३१ मध्ये फिलिप्स कंपनीसाठी त्यांनी रेडिओ कारखान्यावर चित्रपट केला. नेदरलँड्समधील पहिल्या बोलपटांत त्याची गणना होते. काच फुंकणाऱ्या कामगारांचे फुगलेले गाल, सरकत्या पट्ट्यावरून जाणारे दिवे आणि यंत्रांचा ताल यांचे त्यात विलक्षण दर्शन घडते. मात्र कारखान्याच्या फाटकाबाहेर त्या कामगाराचे आयुष्य कसे आहे, याला त्यात जागा नव्हती. सुंदर चित्रे काढून झाल्यावर उरणारी ही पोकळी इव्हेन्स यांना जाणवू लागली होती.

सौंदर्याकडे पाठ

१९३० मध्ये पुदोव्हकिन यांच्या निमंत्रणावरून ते सोव्हिएत संघात गेले. आपले चित्रपट कामगारांच्या सभांत दाखवून त्यांची मते ऐकण्याचा हा अनुभव त्यांना नवा होता. जगभर मंदीचा वणवा पेटला असताना रशियात मात्र नवी शहरे उभी राहत आहेत, या चित्राने त्या पिढीतील अनेक बुद्धिवंत भारावून गेले होते. इव्हेन्स त्यांपैकीच एक. उरल पर्वतातील माग्नितोगोर्स्क या पोलाद नगरीच्या उभारणीवर त्यांनी 'कोमसोमोल' हा चित्रपट केला. तो १९३३ मध्ये प्रदर्शित झाला. तरुण कामगारांची जिद्द आणि धगधगत्या भट्ट्या त्यात भरभरून दिसतात. परंतु त्याच बांधकामावर जमिनी हिरावून घेऊन हद्दपार केलेले हजारो शेतकरी सक्तीने राबत होते. ते त्या चित्रपटात कोठेही नाहीत. इव्हेन्स यांच्या चरित्रातील ही पहिली मोठी रिकामी चौकट.

त्याच सुमारास त्यांच्या मायदेशात झाउडरझी या समुद्राच्या फाट्याला बांध घालून जमीन मिळवण्याचा अवाढव्य प्रकल्प सुरू होता. सुमारे ३२ किलोमीटर लांबीचा बांध मे १९३२ मध्ये पूर्ण झाला. पाण्याला शेवटची वाट बंद होतानाचा क्षण टिपण्यासाठी इव्हेन्स यांनी एक कॅमेरा जमिनीच्या बाजूने, एक समुद्राच्या बाजूने आणि एक माती टाकणाऱ्या यारीच्या बाजूने, जणू तीन पात्रांच्या दृष्टीने लावला. संकलक हेलन व्हान डोंगन आणि संगीतकार आइस्लर यांनी या प्रसंगाला दिलेली गती आजही अभ्यासली जाते. मात्र 'निउवे ग्रोंडन' म्हणजे 'नवी जमीन' या चित्रपटाचा शेवट विजयाचा नाही. समुद्रातून काढलेल्या जमिनीत गहू डोलू लागला, तेव्हा जगाच्या बाजारात भाव टिकवण्यासाठी धान्य नष्ट केले जात होते आणि राबणारे हात बेकार झाले होते. डच अभियांत्रिकीच्या गौरवगाथेच्या अखेरीस हा जाब विचारला गेल्यामुळे अनेकांच्या भुवया उंचावल्या.

यापेक्षाही कडवट ठरला तो बेल्जियमचे दिग्दर्शक आंरी स्टोर्क यांच्यासह केलेला 'मिझेर ओ बोरिनाज' हा चित्रपट. बोरिनाज हा दक्षिण बेल्जियममधील कोळसा खाणींचा पट्टा. १९३२ च्या मोठ्या संपानंतर तेथील खाणकामगारांवर उपासमारीची पाळी आली होती आणि अनेकांना घराबाहेर काढले जात होते. पोलिसांची नजर चुकवत, रोज मुक्काम बदलत दोघांनी १९३३ मध्ये हे चित्रण केले. दारिद्र्य पडद्यावर देखणे दिसू लागते, हा धोका इव्हेन्स यांनी ओळखला होता. त्यामुळे प्रकाशछायेचा मोहक खेळ त्यांनी जाणीवपूर्वक टाळला. 'पाऊस' करणाऱ्या माणसाने केलेला हा त्याग लहान नव्हता. संपकाळातील मिरवणुकीचा प्रसंग चित्रपटासाठी पुन्हा उभा करण्यात आला, तेव्हा मार्क्सची तसबीर घेऊन निघालेल्या कामगारांना रस्त्यातील लोकांनी खरोखरीच मुठी उंचावून मानवंदना दिली आणि अखेर खरेखुरे पोलीसही येऊन थडकले. बेल्जियम आणि नेदरलँड्स या दोन्ही देशांत चित्रपटाच्या सार्वजनिक प्रदर्शनाला बंदी घालण्यात आली.

युद्धभूमीवर

१९३६ मध्ये इव्हेन्स अमेरिकेत पोहोचले आणि त्याच वर्षी स्पेनमध्ये जनरल फ्रँको यांच्या बंडामुळे यादवी युद्ध पेटले. लोकनियुक्त प्रजासत्ताकाची बाजू अमेरिकी जनतेसमोर मांडावी, या हेतूने अर्नेस्ट हेमिंग्वे, जॉन डॉस पासोस, लिलियन हेलमन, आर्चिबाल्ड मॅक्लिश आदी साहित्यिकांनी पुढाकार घेतला आणि चित्रपटाची जबाबदारी इव्हेन्स यांच्यावर आली. १९३७ चा 'द स्पॅनिश अर्थ' हा त्याचा परिणाम. छायालेखक जॉन फर्नहाउट यांच्यासह त्यांनी माद्रिदच्या आघाडीवर तोफगोळ्यांच्या माऱ्यात चित्रण केले. पण चित्रपट केवळ लढाईचा नाही. माद्रिद ते व्हॅलेन्सिया रस्त्यावरील फुएन्तिदुएन्या या खेड्यातील शेतकरी पडीक जमिनीला पाणी देण्यासाठी पाट खणतात आणि त्यातून पिकणारे धान्य वेढ्यातल्या राजधानीला पोहोचणार असते. भाकरी आणि बंदूक यांचे हे नाते चित्रपटाचा कणा आहे. निवेदनाचे ध्वनिमुद्रण प्रथम ऑर्सन वेल्स यांच्या आवाजात झाले होते. ते बाजूला ठेवून हेमिंग्वे यांचा काहीसा ओबडधोबड आवाज वापरण्यात आला. जुलै १९३७ मध्ये व्हाइट हाउसमध्ये राष्ट्राध्यक्ष रूझवेल्ट यांनी हा चित्रपट पाहिला. हॉलीवूडमधील खेळांतून रुग्णवाहिकांसाठी निधी जमला. अमेरिकेचे तटस्थतेचे धोरण मात्र बदलले नाही आणि १९३९ मध्ये प्रजासत्ताक कोसळले.

१९३८ मध्ये इव्हेन्स चीनमध्ये होते. जपानच्या आक्रमणाविरुद्ध लढणाऱ्या चीनच्या मदतीला सोलापूरचे डॉ. द्वारकानाथ कोटणीस गेले, ते हेच वर्ष. छायाचित्रकार रॉबर्ट कापा आणि फर्नहाउट हे इव्हेन्स यांच्या सोबत होते. मात्र चँग कै-शेक यांच्या सरकारचे अधिकारी सावलीसारखे मागे असत. साम्यवाद्यांच्या ताब्यातील येनान प्रदेशात जाण्याची परवानगी त्यांना मिळाली नाही. 'द फोर हंड्रेड मिलियन' हा चित्रपट १९३९ मध्ये पूर्ण झाला. पण त्या दौऱ्यातील सर्वांत दूरगामी घटना पडद्याबाहेरची आहे. जाण्यापूर्वी हांको शहरात इव्हेन्स यांनी आपला एक कॅमेरा गुपचूप आठव्या मार्ग सेनेच्या लोकांकडे सोपवला. कोटणीस पुढे ज्या सेनेच्या रुग्णांची सेवा करणार होते, तीच ही सेना. या कॅमेऱ्याने येनानमधील चित्रीकरणाचा पाया घातला गेला आणि तो पुढे बीजिंगच्या संग्रहालयात जपला गेला.

अमेरिकेत परतल्यावर त्यांनी रूझवेल्ट सरकारच्या ग्रामीण वीज योजनेसाठी 'पॉवर अँड द लँड' हा ओहायोतील एका शेतकरी कुटुंबावरचा चित्रपट १९४० मध्ये केला. कट्टर डाव्या विचारांचा माणूस अमेरिकी सरकारसाठीही तितक्याच आपुलकीने काम करू शकतो, याचे हे उदाहरण. त्यानंतर दुसऱ्या महायुद्धाच्या काळात त्यांनी डच सरकारचे निमंत्रण स्वीकारले आणि ते ऑस्ट्रेलियात दाखल झाले.

सिडनीतील हिंदी खलाशी

राजीनाम्यानंतर इव्हेन्स यांच्या हाती ना पैसा होता, ना साधने. सिडनीच्या बंदरात मात्र एक विलक्षण लढा चालू होता. इंडोनेशियावर पुन्हा ताबा मिळवण्यासाठी शस्त्रे आणि रसद घेऊन निघालेल्या डच जहाजांवर काम करण्यास इंडोनेशियन खलाशांनी नकार दिला. ऑस्ट्रेलियाच्या गोदी कामगारांनी त्या जहाजांवर बहिष्कार टाकला. चिनी खलाशी त्यात उतरले आणि ब्रिटिश हिंदुस्थानातून आलेले खलाशीही. ज्यांचा स्वतःचा देश अद्याप पारतंत्र्यात होता, त्या माणसांनी दुसऱ्या देशाच्या स्वातंत्र्यासाठी रोजगारावर पाणी सोडले. याच काळात, फेब्रुवारी १९४६ मध्ये, मुंबई बंदरात नौसैनिकांच्या उठावाने ब्रिटिश सत्तेला हादरा दिला होता, हे लक्षात घेतले म्हणजे त्या हवेची कल्पना येते.

उसन्या कॅमेऱ्यावर, मिळेल तेवढ्या फिल्मवर इव्हेन्स यांनी छायालेखिका मॅरियन मिशेल आणि लेखिका कॅथरीन डंकन यांच्यासह 'इंडोनेशिया कॉलिंग' हा जेमतेम बावीस मिनिटांचा चित्रपट १९४६ मध्ये केला. निवेदनाला आवाज दिला तो अभिनेते पीटर फिंच यांनी. चित्रपटातील सर्वांत थरारक प्रसंग हिंदी खलाशांचा आहे. 'पात्रास' नावाचे जहाज हिंदी खलाशांसह बंदरातून निघाले आहे. एक छोटी लाँच त्याचा पाठलाग करते आणि त्यातील त्यांचे देशबांधव कर्ण्यातून त्यांना परत फिरण्याची हाक देतात. जहाज थांबते आणि माघारी वळते. मूळ घटना घडून गेल्यावर हा प्रसंग कॅमेऱ्यासाठी पुन्हा उभा करण्यात आला होता. माहितीपटात अशी पुनर्रचना कितपत योग्य, हा प्रश्न इव्हेन्स यांच्याबाबत वारंवार विचारला गेला. घडलेले सत्य कॅमेऱ्याच्या हाती लागले नसेल, तर ते पुन्हा मांडण्यास त्यांची हरकत नसे.

हॉलंडमध्ये या चित्रपटामुळे संतापाची लाट उसळली. डच सरकारने त्यांच्या पारपत्राची मुदत काही महिन्यांपुरती मर्यादित करून पुन्हा पुन्हा नूतनीकरणासाठी खेटे घालायला लावले. पारपत्र कायमचे जप्त झाल्याची कथा पुढे सर्वतोमुखी झाली. तिच्यात काहीशी अतिशयोक्ती असल्याचे हान्स स्कूट्स या त्यांच्या चरित्रकाराने दाखवून दिले आहे. पण सरकारी रोष खरा होता आणि तो दीर्घकाळ टिकला. इंडोनेशियाकडे सार्वभौमत्व डिसेंबर १९४९ मध्ये आले. इव्हेन्स यांना मात्र मायदेशात एखादा चित्रपट करण्याचे काम मिळायला आणखी बराच काळ लागला. १९६६ चा 'रॉटरडॅम युरोपोर्ट' हा तो चित्रपट. 'पूल' ज्या शहरात केला, तेच शहर!

दुसरा आश्रय

मायदेश दुरावल्यावर इव्हेन्स यांना पूर्व युरोपातील साम्यवादी राजवटींनी आसरा दिला. पोलंड, चेकोस्लोव्हाकिया आणि पूर्व जर्मनी येथे त्यांनी सुमारे दहा वर्षे काम केले. या काळातील युवक महोत्सव, शांतता परिषदा आणि सायकल शर्यती यांवरील चित्रपट आज पाहवत नाहीत. हसरे चेहरे, फडकते ध्वज, नेत्यांच्या तसबिरी यांत 'बोरिनाज'चा प्रश्न विचारणारा माणूस हरवून गेला आहे. खाणकामगारांच्या झोपड्यांत शिरणारा हा कॅमेरा त्या राजवटींच्या तुरुंगांपर्यंत मात्र पोहोचला नाही.

त्यातल्या त्यात उल्लेखनीय म्हणजे १९५४ चा 'साँग ऑफ द रिव्हर्स'. व्होल्गा, मिसिसिपी, नाईल, यांगत्से, ॲमेझॉन आणि आपली गंगा, अशा सहा नद्यांच्या काठच्या श्रमिकांना एका सूत्रात गुंफण्याचा हा प्रयत्न. अनेक देशांतील छायालेखकांनी पाठवलेल्या चित्रणातून तो साकारला. संगीत शोस्ताकोविच यांचे, गीतरचना ब्रेख्त यांची आणि आवाज पॉल रोबसन यांचा. रोबसन यांचे पारपत्र त्या वेळी अमेरिकी सरकारने अडवून ठेवले होते. त्यामुळे त्यांना गाणे अमेरिकेतच ध्वनिमुद्रित करून पाठवावे लागले.

१९५७ मध्ये इव्हेन्स पॅरिसला आले आणि जणू पुन्हा तरुण झाले. झाक प्रेव्हेर यांच्या काव्यमय निवेदनासह केलेल्या सीन नदीवरील लघुपटाने १९५८ च्या कान महोत्सवात लघुपटांसाठीचा सर्वोच्च सन्मान मिळवला. नदीकाठी बसलेले प्रेमिक, मासे धरणारे म्हातारे, माल उतरवणारे हमाल, असे त्याचे साधे विश्व होते. इटलीच्या सरकारी तेल कंपनीसाठी त्यांनी १९६० मध्ये केलेल्या चित्रपटात दक्षिणेतील दारिद्र्य दिसताच दूरचित्रवाणीने कात्री चालवली. १९६३ च्या 'व्हाल्पराइसो'त त्यांनी चिलीतील डोंगरउतारावरच्या बंदर शहराचे, तेथील जिन्यांचे आणि गरिबीचे चित्र रेखाटले. आश्रयदाता बदलला की नजर कशी मोकळी होते, हे या काळातील चित्रपटांवरून ध्यानात येते.

मार्सेलीन लोरिदान यांची साथ याच दशकात लाभली. वयाच्या पंधराव्या वर्षी नाझींच्या हाती सापडून आउशवित्झची छळछावणी भोगलेल्या मार्सेलीन पुढे त्यांच्या सहदिग्दर्शिका आणि पत्नी झाल्या. १९६७ मध्ये दोघे व्हिएतनामच्या सतराव्या अक्षवृत्ताजवळ, अमेरिकी बाँबफेकीखाली राहणाऱ्या शेतकऱ्यांसमवेत भुयारांत दोन महिने राहिले. इव्हेन्स तेव्हा अडुसष्ट वर्षांचे होते आणि दम्याने त्यांना ग्रासले होते.

डोंगर आणि वारा

सांस्कृतिक क्रांतीचा चीन हा त्यांच्या कारकिर्दीतील सर्वांत महत्त्वाकांक्षी आणि सर्वांत वादग्रस्त टप्पा. १९७० च्या दशकाच्या पूर्वार्धात दोघांनी दीर्घकाळ तेथे राहून 'युकांगने डोंगर कसे हलवले' ही बारा चित्रपटांची, सुमारे बारा तासांची मालिका चित्रित केली. शांघायमधील औषधांचे दुकान, मच्छीमारांचे गाव, कारखाना, शाळेतील फुटबॉलवरून झालेला वाद, असे रोजचे जगणे त्यात आहे आणि माणसे भरपूर बोलतात. चीनचे दार बंद असताना पश्चिमेला हे दृश्य अपूर्व वाटले. मार्च १९७६ मध्ये पॅरिसमध्ये प्रदर्शित झालेल्या या मालिकेला मोठा प्रतिसाद लाभला.

पण सप्टेंबरमध्ये माओ यांचे निधन झाले, ऑक्टोबरमध्ये 'चौकडी'ला अटक झाली आणि सांस्कृतिक क्रांतीतील छळाच्या कहाण्या बाहेर येऊ लागल्या. ज्यांना गप्प करण्यात आले होते, ती माणसे या बारा तासांत कोठे होती, असा प्रश्न साहजिकच पुढे आला. कॅमेऱ्यासमोर मोकळेपणाने बोलणारी माणसे खरी होती. पण कोणाला भेटावे आणि काय दिसावे, याच्या मर्यादा सत्तेनेच आखलेल्या होत्या. माग्नितोगोर्स्कची रिकामी चौकट चाळीस वर्षांनी पुन्हा समोर आली. इव्हेन्स यांची प्रतिष्ठा ढासळली आणि पुढील दशकभर त्यांचा नवा मोठा चित्रपट आला नाही.

सरकारी मान्यता आली ती उशिरा. १९८५ मध्ये डच सांस्कृतिक मंत्री ब्रिंकमन यांनी त्यांना सन्मानचिन्ह देताना जुन्या संघर्षात इतिहासाने इव्हेन्स यांची बाजू खरी ठरवल्याचे मान्य केले. इंडोनेशियाबाबत ते खरेच होते. रशिया आणि चीन यांच्याबाबत इतिहासाचा निकाल वेगळा आहे, हेही तितकेच खरे.

त्यानंतर आला त्यांचा अखेरचा चित्रपट, 'वाऱ्याची कथा'. वारा दिसत नाही. दिसते ते त्याने हललेले पान आणि उडालेली वाळू. अशा अदृश्य गोष्टीचे चित्रण करण्याचा ध्यास त्यांना जुनाच होता. १९६५ मध्ये फ्रान्समधील 'मिस्त्राल' वाऱ्यावर त्यांनी एक लघुपट केलाही होता. आता नव्वदीला टेकलेला, धाप लागणारा म्हातारा स्वतःच पडद्यावर येतो आणि चीनच्या वाळवंटात खुर्ची टाकून वाऱ्याची वाट पाहत बसतो. पुतळ्यांच्या सुप्रसिद्ध मातीच्या सैन्याचे चित्रण करण्यासाठी अधिकारी केवळ काही मिनिटे देऊ करतात, तेव्हा तो वाद घालतो आणि शेवटी पर्यटकांसाठी विकल्या जाणाऱ्या प्रतिकृती आणून आपले स्वतःचे सैन्य उभारतो. ज्या व्यवस्थेचे त्याने एके काळी गुणगान केले, तिच्या बाबूशाहीची ही थट्टा आहे. घोषणा संपल्या आहेत, ध्वज नाहीत आणि पाठीशी कोणताही पक्ष नाही. १९८८ च्या व्हेनिस महोत्सवात हा चित्रपट दाखवला गेला आणि त्यांना जीवनगौरवाचा सुवर्णसिंह देण्यात आला.

२८ जून १९८९ रोजी पॅरिसमध्ये इव्हेन्स यांचे निधन झाले. त्याआधी चोवीस दिवस बीजिंगच्या रस्त्यांवर रणगाडे उतरले होते आणि त्यानंतर पाच महिन्यांच्या आत बर्लिनची भिंत पडली. पॅरिसच्या माँपारनास दफनभूमीत त्यांची समाधी आहे. २०१८ मध्ये मार्सेलीन यांनाही तेथेच निरोप देण्यात आला. जन्मगावी, नायमेखनमध्ये, त्यांच्या नावाच्या प्रतिष्ठानने त्यांचे चित्रपट आणि कागदपत्रे जतन केली. २००८ मध्ये त्यातील निवडक चित्रपटांचा संच डीव्हीडीवर आला, तेव्हा 'पाऊस' आणि 'इंडोनेशिया कॉलिंग' यांच्याबरोबर त्यांच्या चुकांचा काळही नव्या पिढीला तपासता आला.

माहितीपट करणाऱ्या प्रत्येकाला आजही निधीसाठी कोणाचे तरी दार ठोठवावे लागते. सिडनीत उसन्या कॅमेऱ्यावर काम करणारे इव्हेन्स जितके स्वतंत्र होते, तितके ते सरकारी पाहुणचारात चीनभर फिरताना नव्हते. त्यांच्या चित्रपटांचा अभ्यास करणाऱ्याने पडद्यावरच्या माणसांबरोबर चौकटीबाहेर राहिलेल्या माणसांचीही नोंद ठेवायला हवी.